चौदा वारांची जोडी

१८ मार्च १९७३, रविवार

प्रॅक्टिकलची वही अर्धी कोरी राहिली होती. प्रयोग क्रमांक सहाच्या पुढे आता हे लिहितो. बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला वर्गातल्या एकाच्या कानाखाली आवाज काढला, प्राचार्यांनी माफीनामा मागितला, मी दिला नाही. कॉलेज संपलं. बाबा मिलच्या विणकाम खात्यात आहेत. रोज जेवताना एकदा विचारतात, "लिहितो का मंग माफी?" आणि मी भाकरीकडे पाहतो. भाकर रेशनच्या लाल मिलो ज्वारीची. तिच्यात पाहण्यासारखं काही नसतं.

पण आज लिहायला बसलो त्याचं कारण वेगळं आहे.

आमच्या इंदोरा वस्तीच्या विहारात बुद्धमूर्ती घेऊन थायलंडचे तीन भंते आले आहेत. बुद्धपौर्णिमेला स्थापना. त्यांच्यासोबत एक गृहस्थ आहे, पन्नाशीचा, बुटका, पोटऱ्या दगडासारख्या. तिकडच्या फौजेत होता म्हणे. आम्ही त्याला आजान म्हणतो, म्हणजे त्यांच्याकडचा गुरुजी. महिनाभरापासून तो विहारामागच्या मैदानात आम्हा दहा-बारा जणांना त्यांची तलवारबाजी शिकवतो. क्राबी-क्राबोंग. दोन हातांत दोन तलवारी, ढाल नाही; एक मारते, दुसरी वाचवते. सध्या वेताच्या काठ्या आहेत. आकडे त्यांच्या भाषेत : नुंग, सोंग, साम, सी, हा. पाचाला 'हा' म्हटलं की सगळे हसतात आणि आजान रोज नव्यानं चकित होतो.

आज त्यानं सांगितलं, पौर्णिमेला मूर्तीपुढे, हजारो माणसांत, एकच जोडी खेळेल. आणि ती वेतानं नाही, पोलादानं. पहिलं नाव माझं घेतलं. ताराचंद. माझी छाती फुगली. मग दुसरं नाव घेतलं.

नत्थू.

नत्थू म्हणजे सत्यवतीचा मोठा भाऊ. आणि सत्यवतीला मी बुधवारी चिठ्ठी दिली आहे.

२१ मार्च

तीन दिवस विचार करतो आहे, ही जोडी लावली कोणी?

आज कळलं. नत्थूनंच मागितली. मी सरळ विचारलं, "मलेच काहून गा?"

"तुहा आवाज मोठा आहे," तो म्हणाला.

हे काय उत्तर झालं? आजानला विचारलं तर तो त्याच्या तुटक्या हिंदीत म्हणाला, "इसका कान अच्छा. तुम्हारा मुँह अच्छा. जोड़ी अच्छा." मुँह अच्छा म्हणजे मी बडबड्या. तेही ठीक. पण चिठ्ठी दिल्यावर चौथ्या दिवशी भावानं तुमच्याशी तलवार खेळायची मागणी करावी, याचा अर्थ पहिलीतल्या पोराला कळेल.

नत्थू अजनीच्या लोकोशेडमध्ये खलाशी, म्हणजे इंजिनांवरचा मदतनीस आहे. सहा फुटांना दोन बोटं कमी. खाप्याच्या बाजारात एकानं सत्यवतीला मुद्दाम धक्का मारला होता, तेव्हा नत्थूनं एका हातानं त्याचा जबडा सरकवला. तो माणूस दोन महिने पेज पीत होता. हे मला कोणी सांगितलं? नत्थूनंच. हसत हसत.

२५ मार्च, रविवार

चौदा वार आहेत. एक, तीन, पाच असे विषम आकडे माझे. दोन, चार, सहा त्याचे. क्रम ठरलेला, जागा ठरलेली. आजानचं म्हणणं, वार पूर्ण मारायचा, हात आखडायचा नाही. "आधा मारेगा तो साथी मरेगा." कारण समोरचा त्या जागेवर येणाऱ्या वारासाठीच तलवार नेतो. वार तिथं आला नाही तर त्याची तलवार हवेत जाते आणि पुढचं सगळं बिघडतं. मारण्यातच दया आहे, असं काहीतरी तो म्हणाला. ऐकायला छान आहे. नत्थूसमोर उभं राहून ऐकलं की वेगळं वाटतं.

वार करताना मी आकडा ओरडतो. ती माझी सवय आहे, लहानपणी लेझीममध्ये लागलेली. नत्थू म्हणाला, "अजून जोरात."

तो माझ्याकडे सरळ पाहत नाही. मान थोडी डावीकडे वळवून, उजवा डोळा माझ्यावर रोखून पाहतो. गिधाड पाहतं तसं.

२ एप्रिल

भेटली! नळावर. तीन बायका होत्या मागं. घागर भरता भरता हळूच बोलली.

"तारूभाऊ, चिठ्ठी वाचली मी."

मी माझी बादली उगाच पुढं सरकवली.

"त्यात लिहिलं ना तुम्ही, काही पण मांग म्हणून? मंग मांगते. दादाची जोडी सोडू नका. आकडे म्हणता ना तुम्ही मोठ्यानं, तसेच म्हणत जा. अन् त्याच्या डाव्या अंगानं जरा सांभाळून घ्या."

घागर डोक्यावर घेऊन गेली. भाऊ म्हणाली, पण ते मागं बायका होत्या म्हणून. 'सांभाळून' हा शब्द तिनं दोनदा म्हटला की एकदा, हे मी दिवसभर आठवतो आहे. तिला माझी काळजी आहे. नत्थूचा डावा हात भारी आहे, हे ती मला सांगते आहे. आणि तरी जोडी सोडू नका म्हणते. म्हणजे परीक्षा आहे. भावासमोर उभा राहतो का, हे तिला पाहायचं आहे.

राहीन.

भीती वाटते. हे इथंच लिहितो, इतर कुठं बोलणार नाही.

८ एप्रिल, रविवार

आज भांडण केलं आणि मला लाज वाटते आहे.

खेळाआधी आजान एक विधी करायला लावतो. तलवारी पुढं ठेवून गुडघ्यावर बसायचं, तीनदा वाकायचं, मग उठून चारी दिशांना हळूहळू नाचल्यासारखं फिरायचं. मी म्हटलं, आम्ही बावीस प्रतिज्ञा घेतलेल्यांची पोरं आहोत, लोखंडाले नमस्कार करत नाही. आवाज चढला. रागात चाललो तर मांडून ठेवलेल्या काठ्यांवरून पाय टाकून गेलो.

आजानचा चेहरा पांढरा पडला. एकेक काठी उचलली, नळाखाली धुतली, पुसली, आणि त्या दिवसाची शिकवणी बंद.

नत्थू माझ्यामागं आला. मला वाटलं, आता ठोसा बसतो. तो म्हणाला, "लोखंडाले नाई बे. ज्यानं आपल्याले शिकवलं, त्यानं ज्याच्यापासून शिकलं, त्या लोकाइले आहे तो नमस्कार. इतकं शिकला कॉलेजात, इतकं समजत नाई?"

"मंग नाचायचं कायले?"

"आजान म्हणते, नाचात समोरचा माणूस दिसते." मग म्हणाला, "दिसत असन बावा."

उद्या माफी मागेन. प्राचार्यांना दिली नाही ती याला देईन.

१४ एप्रिल, शनिवार

जयंतीची मिरवणूक. निळे झेंडे, ढोल, गर्दी. सत्यवती अध्यापक विद्यालयाच्या पोरींमध्ये पांढऱ्या साडीत होती. यंदा शेवटचं वर्ष. मी तिच्याकडे पाहतो आहे हे नत्थूला दिसू नये म्हणून त्याच्या डाव्या बाजूला, अगदी खांद्याशी उभा राहिलो. दहा मिनिटं. त्याला पत्ता नव्हता. मग मी खोकललो तर तो असा दचकला की हातातला झेंडा पडला.

"कवा आला तू?"

"आत्ताच."

इतका दचकतो म्हणजे त्याच्या मनात काहीतरी चाललं आहे. ज्याच्या मनात काही नसतं तो दचकत नाही.

२२ एप्रिल, रविवार

कान अजून सुजलेला आहे.

आज घसा बसला होता, आकडे नीट निघत नव्हते. नवव्या वाराला, म्हणजे जो मी त्याच्या डाव्या गालावर मारतो आणि तो डाव्या तलवारीनं अडवतो, त्यानं हात उचललाच नाही. वेत फाडकन गालावर बसला. मी घाबरून थांबलो. त्यानं थांबायला नको होतं का? पण त्याचा दहावा वार आलाच, माझ्या कानावर.

आजान धावला. नत्थू गाल चोळत हसला. "पोलाद असतं तं दोघंही गेलो असतो, नाई का गा?"

हसत होता. हे हसणं मी विसरू शकत नाही. ज्याला मुद्दाम मार खाऊन परत मारता येतो, त्याला काय म्हणायचं?

घरी आई हळद लावता लावता म्हणाली, "तलवारीनं कोणाचं पोट भरलं गा आजवर?" बाबा म्हणाले, "मनकर्णा, राहू दे. माफीनाम्यापेक्षा त्याले हे सोपं वाटते."

६ मे, रविवार

पोलाद आलं.

कामठी रोडच्या लोहारानं ट्रकच्या कमानीच्या पट्ट्या तासून चार तलवारी केल्या. धार काढलेली नाही. मला वाटलं, चला, धार नाही. आजाननं एक कोहळं दगडावर ठेवलं आणि त्या बिनधारेच्या तलवारीनं एक वार केला. कोहळ्याचे दोन तुकडे झाले आणि खालचा दगड झडला. "हड्डी को धार नहीं माँगता," तो म्हणाला.

ऊन असं की दुपारी मूठ हातात धरवत नाही, चटका बसतो. नत्थूनं दोन्ही तलवारी उचलल्या, डोळे मिटले आणि मिटलेल्या डोळ्यांनीच चौदा वार हवेत करून दाखवले. एकही पाऊल चुकलं नाही. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. आजान मात्र टाळ्या न वाजवता त्याच्याकडे पाहत होता, पुष्कळ वेळ.

मला कळलं ते मला कळलं. डोळे मिटून जो माझा प्रत्येक हात ओळखतो, त्याला मला कुठं मारायचं हे शोधावं लागणार नाही.

पाणी पिताना तो म्हणाला, "सत्यवती तुह्याबद्दल बोलत होती."

मी पेला खाली ठेवला. "काय?"

"भला माणूस आहे म्हणे." मान वळवून, एका डोळ्यानं पाहिलं. "आहे का बे?"

१२ मे, शनिवार

विहार समितीचे चिटणीस आनंदराव आज तालीम पाहायला आले. धोतर, हातात छत्री. पाहून खूश झाले. मग म्हणाले, "फक्त हे बोंबलणं बंद करा. भंतेंच्या समोर आकडे ओरडणं शोभत नाही. वाद्यं आहेत ना."

वाद्यं म्हणजे भजन मंडळाची ढोलकी आणि लग्नाच्या बँडमधला एक सनईवाला. त्याला थायलंडची चाल काही केल्या येईना. आजाननं तीन दिवस गुणगुणून दाखवली, तरी शेवटी ती नवरदेवाच्या वरातीवर जाऊन पडते.

नत्थू एकदम पुढं झाला. "काकाजी, आकडे म्हणू द्या ना. सवय झाली आहे."

"सवय मोडा."

"सनई नका वाजवू मंग. ढोलकी पुरे."

"अरे वा! तू खेळणारा की समितीचा अध्यक्ष?"

नत्थू विनवत होता. सहा फुटांचा माणूस, घाम पुसत, विनवत होता. आजान काहीतरी बोलायला गेला, पण नत्थूनं त्याचा हात धरला आणि मान हलवली. दोघांचं काहीतरी ठरलेलं आहे.

आनंदराव गेल्यावर नत्थू मला कोपऱ्यात घेऊन गेला. "आकडे नसले तरी चालन. ढोलकीवर मी मोजतो. पण एक सांगतो तारू. काही झालं तरी क्रम सोडू नको. जिथं आहे तिथंच वार मार अन् जिथं उभा राहतो तिथंच उभा राह. समजलं? मी आंधळ्यावानी तुह्यावर भरोसा ठेवून राहिलो."

त्याचा हात माझ्या खांद्यावर होता. जड.

जिथं उभा राहतो तिथंच उभा राह. म्हणजे मला हलू द्यायचं नाही.

१६ मे, बुधवार

उद्या.

मी पळू शकतो. मामाकडं कळमेश्वरला जाऊन बसू शकतो. पण सत्यवतीनं एकच गोष्ट मागितली आहे.

म्हणून दुसरं ठरवलं आहे. लिहून ठेवतो, म्हणजे उद्या मागं हटणार नाही. सातव्या वाराला मी त्याच्या उजव्या बाजूनं जातो, तो उजवी तलवार उचलतो. उद्या सातव्याला उजवीकडं जायचं नाही. डावीकडं जायचं. मोकळा खांदा मिळेल. खांद्याचं हाड मोडलं की हात उठत नाही. मग त्याला मला मारताच येणार नाही. लोक म्हणतील, चुकून लागलं. मरणार नाही तो. फक्त खांदा.

त्यानं माझ्या जागी हेच ठरवलं असेल. मी आधी करणार, एवढंच.

बाहेर मंडपाचे बांबू ठोकताहेत. मी ठोके मोजतो आहे, सातपर्यंत.

२० मे, रविवार. मेडिकलचा वॉर्ड

डावा हात कोपरापासून बोटांपर्यंत प्लास्टरमध्ये आहे. उजवा ठीक आहे. तीन दिवस वही मागत होतो, आज बाबांनी आणली. वही उघडली नाही म्हणाले. खरं असावं, उघडली असती तर आणली नसती.

क्रमानं लिहितो.

साडेपाच वाजता खेळ सुरू झाला. ऊन तिरपं पण तापलेलं. मूर्तीपुढे मोकळी जागा, चहूकडे माणसं, पुढच्या रांगेत भंते, बायकांच्या बाजूला सत्यवती. आजाननं आमच्या दोघांच्या डोक्यांवर दोऱ्याचं कडं घातलं. आम्ही वाकलो. मीही वाकलो, मनातून. मग नाच. मी माझ्या दिशेनं फिरत होतो, नत्थू त्याच्या. डावीकडे वळताना त्याचा पाय पाण्याच्या मडक्याला लागला आणि मडकं फुटलं. एवढं मोठं, फुलांनी सजवलेलं मडकं. लोक हसले. मला वाटलं, तोही घाबरला आहे. आणि वाईट म्हणजे, मला त्याचा आनंद झाला.

नुंग, सोंग, साम. मनातल्या मनात. ढोलकी, सनई, पोलादाची ठिणगी. सहापर्यंत एकही चूक नाही. त्याचे ओठ हलत होते, तो मोजत होता.

सातव्याला मी डावीकडं गेलो.

त्यानं उजवी तलवार उचलली, जिथं मी यायला हवा होतो तिथं. माझी तलवार त्याच्या डाव्या बाजूनं वर होती. त्याच्या डोळ्यापासून वीतभर. त्याला ओरडायला हवं होतं, मागं सरायला हवं होतं. काहीच नाही. तो समोर पाहत होता, रिकाम्या जागेकडे. त्याची डावी पापणी लवली नाही.

माणसाच्या डोळ्यासमोर माशी आली तरी पापणी लवते.

त्या एका क्षणात मला सगळं कळलं. वळलेली मान, गालावर बसलेला वेत, झेंडा, मडकं, 'अजून जोरात'. तो माझ्या आवाजावर खेळत होता. दोन महिने. आणि मी गप्प राहून, क्रम मोडून, त्याच्या अंधारातून त्याच्यावर तलवार घेऊन आलो होतो.

मी हात आखडला. वार थांबला.

पण नत्थूचं सात झालं होतं. त्याला आठ माहीत होता. मी जिथं असेन, माझी डावी तलवार जिथं असेल, तिथं त्यानं पूर्ण ताकदीनं आठवा वार मारला, शिकवल्याप्रमाणे. तिथं तलवार नव्हती. माझा हात होता.

आवाज मला आधी ऐकू आला. मग दुखलं.

२२ मे

आनंदराव आले होते. सोबत समितीचे दोघे. म्हणाले, नत्थूनं दावा साधला, लोकांत बोलणं आहे, तू तक्रार लिहून दे. मी म्हटलं, चूक माझी. क्रम मी मोडला. ते म्हणाले, "दबाव आहे का तुझ्यावर?" मी ओरडलो, "चूक माझी आहे म्हटलं ना एकदा!" नर्स धावत आली. खाटेवरून तरी राग आवर, म्हणाली.

संध्याकाळी नत्थू आला. बिस्किटांचा पुडा घेऊन. खुर्ची ओढून माझ्या उजव्या हाताला बसला. बराच वेळ पुड्याचा कागद सोलत राहिला.

"सातव्याले कुठं गेला होता तू?"

मी खोटं बोललो नाही. एवढं एक बरं केलं. मी काय ठरवलं होतं ते सांगितलं. चिठ्ठीचंही सांगितलं.

तो पाहत राहिला. "कोणती चिठ्ठी?"

म्हणजे त्याला माहीतच नव्हतं.

मग तो हसला, पण नेहमीसारखं नाही. "लेका, तू मले मारायले निंगाला होता? अन् मी समजलो, या अख्ख्या इंदोऱ्यात एक तूच आहे ज्याचा हात चुकत नाई."

"कवापासून आहे हे?"

"दोन वर्षं झाले. आधी धुरकट होतं. आता या बाजूले काहीच नाई. दुसरा चांगला आहे."

"शेडमध्ये माहीत आहे?"

"माहीत असतं तं ठेवलं असतं का? सत्यवतीले माहीत आहे. आजाननं वळखलं." आणि मग, जणू मला धीर द्यायला, "शेडमध्ये कानावर चालतो मी. इंजिन आलं की जमीनच सांगते. काही होत नाई."

"अन् ढकलून सोडलेला डबा? त्याले कुठं इंजिन असते?"

त्यानं बिस्किट पुढं केलं.

२४ मे

झोप येत नाही ती हातामुळं नाही. दिवसाही डोळा लागला की तेच दिसतं. मी नाही, डबा आहे. रुळांवरून आवाज न करता येतो आहे, डाव्या बाजूनं, आणि नत्थू समोर पाहत उभा आहे.

मी गुपचूप कसा आलो होतो, ते मला माहीत आहे. कोणालाच ऐकू आलं नव्हतं. हजारो माणसं होती.

इतके दिवस मला माझ्या मरणाची भीती होती. ती सोपी होती. आपला हात आपल्याजवळ असतो.

२६ मे, शनिवार

घरी सोडलं. सत्यवती आली, आईसाठी विहारातला प्रसाद घेऊन. आई चुलीशी गेली तेवढ्यात बोलली.

"तुम्ही दादाले डॉक्टरकडे जा म्हटलं?"

"हो. रेल्वेच्या डॉक्टरकडे. तो नाई गेला तं मी शेडमध्ये जाऊन सांगीन, असं म्हटलं काल."

"तारूभाऊ, माझं शेवटचं वर्ष आहे. बाबा नाहीत. दादाच्या पगारावर घर आहे. चिठ्ठीत लिहिलं होतं ना, काही पण मांग? हेच मांगते. गप्प राहा."

"अन् डबा आला तं?"

"दोन वर्षं आला नाही."

"एकदाच यावा लागते वं!"

मी फार मोठ्यानं बोललो. तिचे डोळे भरले, पण रडली नाही. पदर खोचून उभी राहिली. "तुम्ही आधी त्याले मारायले निघालात. आता त्याची नोकरी मारता. लय प्रेम करता तुम्ही आमच्यावर." आणि गेली.

चिठ्ठी मात्र तिनं परत दिली नाही. ठेवून घेतली असेल. राग उतरला की वाचेल पुन्हा. नाही का?

२८ मे, सोमवार

आजान भंतेंसोबत कलकत्त्याला निघाला. स्टेशनवर गेलो. त्याला विचारलं, तुम्हाला माहीत होतं तर पोलाद का दिलं आमच्या हातात? त्यानं पिशवी खाली ठेवली. मग म्हणाला, "मैं डरा. वो बोला, आजान, एक बार सबके सामने. मैं डरा, लेकिन हाँ बोला." आणि माझ्या प्लास्टरला दोन्ही हात जोडून नमस्कार केला. मला तिथं उभं राहवेना.

संध्याकाळी नत्थू आमच्या दारात. मला वाटलं भांडायला आला. म्हणाला, "काल शेडमध्ये माह्या टोळीतला लखनशा मागं उभा होता, मले माहीत नव्हतं. पाना घेऊन फिरलो, त्याचं डोकं थोडक्यात वाचलं. लहान लहान पोरं आहेत त्याले." भिंतीला टेकून उभा राहिला. "सत्यवती म्हणते जाऊ नको. तू म्हणतो जा. मी काय करू गा?"

जन्मात मला कोणी हा प्रश्न विचारला नव्हता. मी म्हटलं, "डोळ्यापायी कामावरून काढलं तं दुसरं काम देतात म्हणे. स्टोरमध्ये, फाटकावर."

"म्हणे," तो म्हणाला. "देतातच, असं कोणी पाहिलं?"

मी पाहिलं नव्हतं.

२९ मे, मंगळवार

रेल्वेच्या दवाखान्यातून आत्ताच आलो. दुपारचे दोन.

नत्थू इस्त्रीचा शर्ट घालून आला होता, लग्नाला जावं तसा. मी बाहेर बाकावर बसलो. दार अर्धं उघडं होतं. भिंतीवर अक्षरांचा तक्ता, वर एक बल्ब. डॉक्टरांनी डावा डोळा झाकायला सांगितला. नत्थूनं वरपासून खालपर्यंत सगळी अक्षरं वाचली, खणखणीत, शाळेत उभं राहून वाचतात तशी. शेवटची बारीक ओळसुद्धा. डॉक्टर म्हणाले, "वा! आता उजवा झाका."

त्यानं तळहात उजव्या डोळ्यावर ठेवला.

बाहेर शंटिंगची शिटी झाली, मग थांबली. बाकावरचा माझ्या शेजारचा म्हातारा खोकलायचा थांबला. आतून काहीच येत नव्हतं. मी खिशातला रुमाल काढून तोंडात धरला.

मग नत्थूचा आवाज आला. इतका हळू की तो त्याचाच आहे हे मला आधी कळलं नाही.

"साहेब, जरा दिवा लावता का?"

दिवा चालूच होता.